वाचकांचे प्रश्न : पहिल्या पावसातला बैल बेडूक

मागील अंकात पावसाळी डबक्यांवर एक लहानसे टिपण छापले होते. त्यात बैल बेडकाचा उल्लेख जेमतेम दोन ओळींचा होता, तरीही या महिन्यात आलेली बहुतेक पत्रे त्या दोन ओळींवरच आहेत. काही पत्रांतील प्रश्न सारखेच असल्याने ते एकत्र केले आहेत आणि वाचकांची नावे न देता फक्त गावे दिली आहेत.

प्रश्न : मृगाच्या पहिल्या जोरदार पावसानंतर आमच्या घरामागील भातखाचरात हळदीसारखे पिवळेधमक बेडूक दिसले. त्यांच्या गळ्याच्या दोन्ही बाजूंना निळे फुगे होते आणि आवाज एवढा मोठा होता की घरात बोलणे ऐकू येईना. दोन दिवसांनी त्यांतला एकही राहिला नाही. हे बेडूक कोठून तरी बाहेरून आले आहेत का? ते विषारी असतात असे शेजारी सांगतात. (पेण)

उत्तर : हे बेडूक बाहेरून आलेले नाहीत आणि विषारीही नाहीत. बहुधा वर्षभर ते आपल्या खाचराच्या आसपासच होते, फक्त पिवळे नव्हते. हा भारतीय बैल बेडूक, शास्त्रीय नाव होप्लोबॅट्राकस टायगेरिनस. दोदँ या फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञाने १८०२ मध्ये त्याचे पहिले शास्त्रीय वर्णन केले आणि ते बंगालमधील बेडकाचे होते. पाकिस्तान, नेपाळ, बांगलादेश, म्यानमार आणि भारताचा बराचसा सखल भाग हे त्याचे मूळ क्षेत्र आहे. भारतातील बेडकांत आकाराने हाच सर्वांत मोठा. पूर्ण वाढलेली मादी तोंडाच्या टोकापासून पाठीच्या शेवटापर्यंत सोळा सेंटिमीटरच्या आसपास भरते.

एरवी त्याचा रंग शेवाळी हिरवा किंवा मातकट तपकिरी असतो आणि त्यावर गडद ठिपके असतात. पाठीवर लांबट, तुटक तुटक अशा त्वचेच्या उभ्या घड्या दिसतात, पुष्कळ बेडकांच्या पाठीच्या मधोमध एक फिकट रेघ असते आणि मागच्या पायांची बोटे जवळजवळ टोकापर्यंत पडद्याने जोडलेली असतात. एवढ्या खुणा पाहिल्या की बिनपिवळा बैल बेडूकही ओळखता येतो.

पिवळा होतो तो फक्त नर आणि तोही केवळ प्रजननाच्या दिवसांत. मादी त्या गर्दीतही शेवाळीच राहते, म्हणून ती पटकन नजरेस पडत नाही आणि सगळेच बेडूक पिवळे आहेत असे आपल्याला वाटते. बेडकांच्या त्वचेत रंगपेशींचे थर असतात. काळे रंगद्रव्य पेशीभर पसरलेले असले की त्वचा गडद दिसते, तेच द्रव्य पेशीच्या मध्याकडे गोळा झाले की वरच्या थरातील पिवळा रंग उघडा पडतो. म्हणजे या दिवसांत नर नवी कातडी धारण करीत नाही. आहे त्याच कातडीतील रंगद्रव्यांची मांडणी बदलते आणि प्रजननाची घाई संपली की ती पूर्ववत होते. निळे फुगे म्हणजे स्वरकोश. नर फुप्फुसातील हवा स्वरयंत्रावरून या कोशांत ढकलतो आणि परत घेतो. त्या हवेने कोश फुगतात आणि आवाज दूरवर जातो.

पिवळेपणाचे कारण मात्र मादीला भुलवणे एवढेच असेल असे मानता येत नाही. बैल बेडकाचे प्रजनन आठवड्यांवर पसरलेले नसते. पाणी साचले की त्याच रात्री, पुष्कळदा दिवसाउजेडीही, आजूबाजूचे सगळे बेडूक एकाच उथळ पाण्यात उतरतात. अशा झुंबडीत नर समोर येईल त्याला मिठी मारतो, मग ती मादी असो, दुसरा नर असो किंवा तरंगणारी एखादी वस्तू असो. चुकीच्या मिठीत गेलेला वेळ म्हणजे गमावलेली संधी. म्हणून 'मी नर आहे' हे दुसऱ्या नराला दुरूनच कळावे, यासाठी हा भडक रंग उपयोगी पडत असावा असे अनेक अभ्यासकांचे मत आहे. जगात जेथे जेथे बेडूक असे एकदम गोळा होऊन थोडक्यात प्रजनन उरकतात, तेथे नरांचा असा तात्पुरता रंगबदल वारंवार आढळतो. युरोपातील मूर बेडकाचा नर वसंत ऋतूत मोजके दिवस निळा होतो, हे त्याचेच दुसरे उदाहरण.

आपल्या खाचरातील बेडूक दोन दिवसांत दिसेनासे झाले ते यामुळेच. त्यांचे काम उरकले होते. पुढच्या सर्व प्रश्नांची उत्तरे वाचताना ही गोष्ट ध्यानात असू द्यावी, कारण या प्राण्याचे बरेवाईट पहिल्या पावसाच्या त्या मोजक्या रात्रींत ठरते.

प्रश्न : बेडकाला हात लागल्यास चामखीळ येते काय? त्याने अंगावर सोडलेले पाणी विषारी असते काय? (पुणे)

उत्तर : दोन्ही नाही. चामखीळ विषाणूमुळे येते, बेडकामुळे नव्हे. हा समज बहुधा भेकामुळे पसरला असावा. अंगणात दिव्याखाली किडे टिपायला येणारा, खरखरीत कोरड्या कातडीचा, अंगावर पुळ्या असलेला प्राणी म्हणजे भेक. त्याच्या डोळ्यांमागील ग्रंथींत दाहक स्राव असतो आणि तो डोळ्यांत किंवा तोंडात गेल्यास त्रास होतो. कुत्र्याने भेक तोंडात धरल्यावर त्याच्या तोंडाला फेस येतो तो याच स्रावाने. बैल बेडकाला अशा ग्रंथी नाहीत. पकडल्यावर तो जे पाणी सोडतो ते मूत्राशयात साठवलेले जवळजवळ स्वच्छ पाणी असते. त्यात आपले काही बिघडत नाही. बिघडते ते त्याचे, कारण कोरड्या दिवसांसाठीची ती त्याची शिल्लक असते.

प्रश्न : आमच्याकडे मे महिन्यात विहिरींचेही पाणी आटते. मग एवढे मोठे बेडूक उन्हाळ्यात जातात कोठे? पावसाबरोबर ते आभाळातून पडतात असे आमची आजी सांगत असे. (वर्धा)

उत्तर : आजींच्या म्हणण्यामागे निरीक्षण खरे आहे, निष्कर्ष तेवढा वेगळा. काल जेथे भेगाळलेली जमीन होती तेथे आज शेकडो बेडूक दिसतात, तेव्हा ते वरून पडले असे वाटणे साहजिक आहे. प्रत्यक्षात ते खालून आलेले असतात.

पावसाळा ओसरू लागला की बैल बेडूक ओलाव्याच्या मागे मागे सरकतो. तळ्याचा काठ, विहिरीच्या कडेचा चिखल, उसाच्या किंवा भाजीच्या मळ्यातील पाट, सांडपाण्याचा नाला अशा ठिकाणी तो तग धरतो आणि तेथे बारमाही पाणी असले तर उन्हाळ्यातही तुरळक दिसतो. जेथे तशी सोय नाही तेथे तो मऊ मातीत, बांधाच्या पोकळीत किंवा भेगांत शिरून निपचित पडून राहतो. या ग्रीष्मनिद्रेत हालचाल थांबते, श्वसन आणि हृदयाचे ठोके मंदावतात आणि पावसाळ्यात अंगात साठवलेल्या चरबीवर दिवस निघतात. बेडूक तोंडाने पाणी पीत नाही. पोटाच्या व मांड्यांच्या पातळ कातडीतून ते शोषून घेतो. मातीत थोडी जरी ओल राहिली तरी तिच्याशी पोट टेकवून पडलेल्या बेडकाला ती पुरते. तीच कातडी फवारणीचे विषही तितक्याच सहज आत घेते, हे शेतकरी वाचकांनी लक्षात ठेवावे.

आपल्या भागात याचाच एक जवळचा भाऊबंद, जर्डनचा बैल बेडूक, आढळू शकतो. तो थोडा ठेंगणा व गोल असतो आणि त्याच्या मागच्या पायाच्या तळव्यावर माती उकरण्यासाठी फावड्याच्या पात्यासारखा स्पष्ट उंचवटा असतो. उन्हाळ्यात विहीर खणताना किंवा बांध दुरुस्त करताना मोठा बेडूक मातीत सापडला, तर त्याला उन्हात न ठेवता सावलीतल्या ओलसर मातीत सोडावे.

प्रश्न : बैल बेडूक शेतकऱ्याचा मित्र असे पुस्तकात वाचले होते. मात्र माझ्या शेततळ्यात तो माशांची पिल्ले खाताना मी स्वतः पाहिला आहे आणि एकदा तर त्याने उंदीर गिळला. मग याला मित्र म्हणावे की काय म्हणावे? (सावंतवाडी)

उत्तर : आपण पाहिले ते बरोबर आहे. मित्र आणि शत्रू हे आपले हिशेब. बेडकाचा हिशेब एकच, की समोरची वस्तू हलते आहे का आणि ती तोंडात मावते आहे का. नाकतोडे, रातकिडे, भुंगेरे, अळ्या, गोगलगायी, खेकडे, गांडुळे हे त्याचे नेहमीचे अन्न. त्याशिवाय लहान बेडूक, सरडे, सापाची पिल्ले, उंदीर आणि कधी जमिनीवर उतरलेला लहान पक्षीही तो सोडत नाही.

एकदा हे जवळून पाहण्यासारखे असते. बेडकाची जीभ मागे नव्हे तर खालच्या जबड्याच्या पुढच्या कडेला जोडलेली असते, त्यामुळे ती उलटी बाहेर फेकली जाते आणि चिकट टोकाने किड्याला घेऊन परतते. उंदरासारखे मोठे भक्ष्य जिभेने ओढता येत नाही. तेव्हा तो सगळे अंग पुढे झोकून जबड्यात पकडतो. बेडकाच्या खालच्या जबड्यात खरे दात नसतात, पण बैल बेडकाच्या खालच्या जबड्याच्या टोकाशी हाडाचे दोन सुळ्यांसारखे उंचवटे असतात आणि धडपडणारे भक्ष्य त्यांत अडकते. नंतर पुढच्या पायांनी तो ते तोंडात कोंबू लागतो आणि गिळताना त्याचे दोन्ही डोळे आत बुडतात. ते मिटलेले नसतात. डोळ्यांचे गोळे खरोखरच टाळूच्या बाजूला खाली ओढले जातात आणि भक्ष्याला घशाकडे ढकलायला मदत करतात. उंदराची शेपटी ओठाबाहेर लोंबत असताना हे डोळे पुन्हा पुन्हा आत जाताना दिसले, तर बेडूक आजारी आहे असे समजू नये.

आता आपल्या तक्रारीचा दुसरा भाग. भातखाचरात हा खादाडपणा शेतकऱ्याच्या पथ्यावर पडतो, कारण तेथे सर्वाधिक हाताशी येतात ते किडे आणि बांध पोखरणारे खेकडे. तोच बेडूक मत्स्यबीज सोडलेल्या लहानशा शेततळ्यात आला की त्याला तेथे सर्वाधिक हाताशी येते ते मत्स्यबीज. म्हणून बेडूक मारण्याऐवजी बीज लहान असेपर्यंत तळ्याभोवती बारीक जाळीचे हातभर उंच कुंपण घालावे.

मोठ्या बेडकापेक्षाही त्याची पिल्ले अधिक लक्ष देण्याजोगी आहेत आणि त्यांच्याविषयी फारसे लिहिले जात नाही. एक मादी हजारो अंडी घालते. ती उथळ, उबदार, बहुतेक वेळा तात्पुरत्या पाण्यात असतात आणि एक-दोन दिवसांत फुटतात. बहुतेक बेडकांची पिल्ले शेवाळ खरवडून किंवा पाण्यातील गाळ गाळून जगतात. बैल बेडकाची पिल्ले मात्र शिकारी असतात. त्यांच्या तोंडाशी कठीण, दातेरी चोच असते आणि त्याच डबक्यातील दुसऱ्या जातींची पिल्ले, डासांच्या अळ्या आणि प्रसंगी स्वतःची भावंडेही ती फाडून खातात. धारवाडच्या कर्नाटक विद्यापीठातील अभ्यासकांनी प्रयोगांतून दाखवले आहे की ही पिल्ले भक्ष्य नजरेने हेरतात; उलट ज्यांची शिकार होते ती पिल्ले शत्रूची चाहूल पाण्यात उतरलेल्या गंधावरून घेतात.

या क्रूरपणामागे निकड आहे. ज्या पाण्यात अंडी घातली ते पाणी पावसाने दडी मारताच आटणार असते. महिना-दीड महिन्यात शेपटी जाऊन, पाय फुटून, फुप्फुसाने श्वास घेणारा बेडूक होऊन बाहेर पडले नाही तर सगळेच संपले. मांसाहाराने वाढ लवकर होते, आणि पाणी कमी होऊन गर्दी वाढत जाते तसतसे भावंडच सर्वांत जवळचे अन्न उरते. त्यातूनही जी पिल्ले काठावर येतात त्यांची वाट ढोकरी, बगळे, दिवड, धामण आणि खुद्द मोठे बैल बेडूक पाहत असतात. हजारो अंडी का घालावी लागतात याचे उत्तर या एका हंगामात मिळते.

प्रश्न : नोकरीनिमित्त आम्ही अंदमानात राहतो. येथे वन विभागाचे आणि संशोधक मंडळी बैल बेडकाला उपद्रवी परकी प्राणी म्हणतात. महाराष्ट्रात ज्याला कायद्याने संरक्षण आहे तो येथे उपद्रवी कसा? (अंदमान)

उत्तर : कारण अंदमान त्याचे घर नाही. भारताचा भाग असला तरी प्राण्यांच्या दृष्टीने हा द्वीपसमूह वेगळाच प्रदेश आहे आणि तेथील बरेच बेडूक, सरडे व साप जगात दुसरीकडे कोठेही आढळत नाहीत. या शतकाच्या सुरुवातीच्या काळात मुख्य भूमीवरून मत्स्यबीज आणताना त्यात बैल बेडकाची पिल्ले मिसळून आली असावीत असे मानले जाते. तेथून ती एका बेटावरून दुसऱ्या बेटावर पोहोचली आणि त्यातही माणसाच्या मालवाहतुकीचाच हात आहे, कारण समुद्राचे खारे पाणी बेडकाला पोहून ओलांडता येत नाही.

नित्य प्रकाश मोहंती आणि जॉन मिझी यांनी या आक्रमणाचा सविस्तर अभ्यास केला आहे. त्यांनी बैल बेडकाची पिल्ले अंदमानातील दोन स्थानिक बेडकांच्या पिल्लांबरोबर एकाच पाण्यात वाढवून पाहिली, तेव्हा स्थानिक पिल्लांपैकी एकही वाचले नाही. मोठ्या बेडकांच्या पोटातही स्थानिक पृष्ठवंशीय प्राणी सापडले आणि गावकऱ्यांनी कोंबडीची पिल्ले व तळ्यातील मासे गेल्याच्या तक्रारी सांगितल्या.

वर सावंतवाडीच्या वाचकांना जे सांगितले तेच येथे उलट्या बाजूने लागू होते. आपल्या डबक्यांत ही पिल्ले हजारो वर्षे आहेत. तेथील इतर बेडकांची पिल्ले त्यांचा गंध ओळखतात, लपतात, वेगळे पाणी निवडतात. अंदमानातील पिल्लांना अशा शत्रूशी गाठ पडण्याची वेळच कधी आली नव्हती. मादागास्कर आणि मालदीवमध्येही हा बेडूक माणसाबरोबरच गेला आणि रुजला. तेव्हा मत्स्यबीज मागवताना पिशवीतले पाणी पाहून घ्यावे, आणि तळ्यातील बेडकाची पिल्ले 'बिचारी' म्हणून दुसऱ्या बेटावरच्या तळ्यात सोडू नयेत, एवढे आपल्या हाती आहे.

प्रश्न : पावसाच्या सुरुवातीला आमच्याकडे बॅटऱ्या घेऊन बेडूक पकडणारे रात्री फिरतात. गोव्यात याला 'जंपिंग चिकन' म्हणतात आणि काही खाणावळींत ते गुपचूप मिळते. पूर्वी तर सरकारच बेडूक परदेशी पाठवत होते. मग आता एवढे कडक धोरण कशासाठी? हजारो अंडी घालणारा प्राणी थोड्या शिकारीने संपणार आहे काय? (म्हापसा)

उत्तर : पूर्वी निर्यात होत होती हे खरे आहे आणि आजचे धोरण त्या अनुभवातूनच आले आहे. १९५० च्या दशकापासून भारतातून बेडकांच्या मागच्या तंगड्या गोठवून युरोप-अमेरिकेला जात. १९८१ मध्ये ही निर्यात ४,००० टनांच्या वर गेली होती. हे वजन फक्त तंगड्यांचे, हे ध्यानात घ्यावे. बाकीचे शरीर टाकून दिले जाई आणि पुष्कळदा तंगड्या तोडताना बेडूक जिवंत असे. या व्यापारात मुख्यतः दोन जाती होत्या, एक बैल बेडूक आणि दुसरा तळ्यात राहणारा हिरवा सहाबोटी बेडूक. १९८५ मध्ये या दोन्हींचा समावेश वन्यजीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापाराचे नियमन करणाऱ्या 'साइटीस' कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात झाला आणि १९८७ मध्ये भारताने निर्यात बंद केली. त्यानंतर बाजार इंडोनेशियाकडे वळला.

आता हजारो अंड्यांचा मुद्दा. अंडी हजारो असली तरी ती घालणारी मादी पूर्ण वाढलेली असावी लागते, आणि त्या अंड्यांतून पुढच्या पावसापर्यंत टिकणारे बेडूक किती थोडे असतात हे वर आलेच आहे. अशा प्राण्याची संख्या अंड्यांवर अवलंबून नसते, तर वर्षानुवर्षे टिकून पुन्हा पुन्हा प्रजनन करणाऱ्या मोठ्या बेडकांवर असते. शिकारी नेमके तेच नेतात. उन्हाळ्यात तो मातीत असतो, पावसाळा रुळल्यावर गवतात पांगलेला व सावध असतो. पहिल्या पावसाच्या रात्री मात्र आसपासचे सगळे मोठे बेडूक एका उथळ पाण्यात, ओरडून आपला ठिकाणा सांगत, एकमेकांना धरून बसलेले असतात आणि बॅटरीचा झोत पडला की जागच्या जागी थिजतात. गोणी भरायला वेळ लागत नाही. भरलेल्या गोणीत अंडी न घातलेल्या माद्या असतात, म्हणजे त्या एका रात्रीत त्या पाण्याचा पुढचा सगळा हंगाम उचलला जातो. मासेमारीला पावसाळ्यात बंदी असते त्यामागील तर्क गोव्यातील वाचकांना वेगळा सांगायला नको. हाही तोच तर्क आहे, फक्त येथे हंगाम दोन महिन्यांचा नसून दोन-चार रात्रींचा आहे.

वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ नुसार बैल बेडकाला पकडणे, मारणे, विकणे आणि खाण्यासाठी देणे हे सर्व गुन्हे आहेत आणि त्यांना दंड व कारावास दोन्हींची तरतूद आहे. पावसाच्या सुरुवातीला गोव्याचा वन विभाग रात्रीची गस्त घालतो. जागतिक पातळीवर ही जात आज संकटग्रस्त गणली जात नाही, हेही येथे स्पष्ट सांगितले पाहिजे; कोणी ती नामशेष होत आहे असे सांगून आपल्याला घाबरवीत असेल तर ते खरे नाही. परंतु देशभर पसरलेली जात टिकून असताना एका गावच्या मळ्यातून ती नाहीशी होऊ शकते, आणि आपल्या पत्रात 'लहानपणी जेवढे ऐकू यायचे तेवढे आता नाही' असे जे वाक्य आहे ते याच प्रकारचे आहे. त्यात शिकारीबरोबर भराव घातलेली शेते, पडीक राहिलेली खाजणे आणि पहिल्या पावसात रस्ता ओलांडताना चाकाखाली येणारे बेडूक यांचाही वाटा आहे. खाणावळीत तो पदार्थ सुचवला गेल्यास नकार द्यावा आणि वन विभागाला कळवावे; महाराष्ट्रात १९२६ हा वन विभागाचा मदत क्रमांक आहे.

चवीबद्दल आपण विचारले आहे. ते सांगण्याचा अधिकार या सदराला नाही.

प्रश्न : बेडूक ओरडले की पाऊस येतो हे कितपत खरे? आमच्याकडे पावसाने ओढ दिली की मुले कडुलिंबाच्या डहाळ्यांबरोबर मुसळाला बेडूक बांधून 'धोंडी धोंडी पाणी दे' म्हणत दारोदार फिरत. (नागपूर जिल्हा)

उत्तर : काही लहान बेडूक हवेतील ओलावा वाढताच ओरडू लागतात, त्यामुळे त्यांच्या आवाजानंतर पाऊस येण्याचा योग पुष्कळदा जुळतो. बैल बेडकाचे तसे नाही. तो पाणी साचल्यावर ओरडतो. म्हणजे पाऊस येणार हे तो सांगत नाही, आला हे सांगतो. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलातील मंडूकसूक्तातही क्रम हाच आहे. वर्षभर निपचित पडलेले बेडूक पाऊस पडल्यावर बोलू लागतात, असे तेथे म्हटले आहे, आणि त्याच सूक्तात गाईसारखा आवाज करणारा, शेळीसारखा आवाज करणारा, ठिपक्यांचा आणि हिरवा असे बेडकांचे प्रकारही वेगवेगळे सांगितले आहेत. आवाजावरून जात ओळखण्याची पद्धत आजचे बेडूक-अभ्यासकही रोज वापरतात.

धोंडीबद्दल एवढेच की ज्या बेडकाला उन्हात मुसळाला बांधून मिरवले जाते, त्याची कातडी तासाभरात सुकू शकते. डहाळ्या, गाणे आणि दारातून ओतले जाणारे पाणी एवढ्यावर प्रथा चालत असेल तर बेडूक मातीचा करायला हरकत नसावी. भोपाळमध्ये २०१९ साली पावसासाठी बेडकांचे प्रतीकात्मक लग्न लावले गेले आणि पाऊस अति झाल्यावर सप्टेंबरमध्ये त्यांचा घटस्फोटही करण्यात आला, तेव्हा प्रतीकाने भागते असे दिसते.

प्रश्न : मी प्राथमिक शाळेत शिक्षिका आहे. बेडकाचे रूपांतर मुलांना दाखवण्यासाठी बैल बेडकाची पिल्ले वर्गात काचेच्या भांड्यात ठेवता येतील काय? (संगमेश्वर)

उत्तर : ठेवू नयेत. ही जात संरक्षित असल्याने ती पकडून ठेवणे कायद्यात बसत नाही, आणि एका भांड्यात दहा पिल्ले ठेवली तर आठवड्यात दोन-तीन धष्टपुष्ट पिल्ले उरलेली मुलांना दिसतील, जो धडा पाठ्यपुस्तकात नाही.

त्यापेक्षा मुलांनाच पाण्याकडे न्यावे. शाळेजवळचे एखादे उथळ डबके किंवा सड्यावरची पाणी साचणारी खोलगट जागा निवडावी आणि पहिल्या मोठ्या पावसानंतर दर तीन-चार दिवसांनी त्याच वेळी तेथे जावे. काठावरून पाहावे, पाण्यात उतरू नये, कारण अंड्यांचा थर पायाखाली येतो. बैल बेडकाची पिल्ले ओळखायला सोपी असतात: इतरांपेक्षा मोठी, लांबट आणि पाण्यात एका जागी थांबून अचानक झेप घेणारी. प्रत्येक मुलाने वहीत तारीख, पाण्याची खोली काठीने मोजून, पाऊस पडला की नाही आणि पिल्लांना मागचे पाय दिसले की पुढचे, एवढे लिहावे. मागचे पाय आधी बाहेर दिसतात. पुढचे पाय कातडीखाली तयार होऊन शेवटी एकदम बाहेर येतात आणि त्यानंतर शेपटी झपाट्याने आखडते, तो टप्पा चुकू नये म्हणून चौथ्या आठवड्यापासून शक्य असल्यास रोज जावे. मध्येच पाऊस थांबून डबके आटले आणि पिल्ले मेली, तर तेही वहीत लिहून घ्यावे. नोंदी पूर्ण झाल्यावर त्यांची एक प्रत या सदराकडे पाठवल्यास, मुलांच्या अक्षरात जशीच्या तशी छापण्याचा विचार करता येईल.